तडकलेल्या काचेवरची स्नुक्स

खोकं उघडताच दिसलं की तबकडी काचेची आहे आणि मधोमध आरपार तडकलेली आहे. सोळा इंची, १९४३ सालची. दुसऱ्या महायुद्धात अॅल्युमिनियम लष्कराकडे गेलं, तेव्हा अमेरिकेतल्या रेडिओ केंद्रांनी काचेवर लॅकरचा थर दिलेल्या तबकड्या वापरायला घेतल्या. आमच्या न्यू जर्सीतल्या स्टुडिओत अशी तबकडी आली की पोटात गोळा येतो. जुन्या ध्वनिमुद्रणांचं डिजिटायझेशन करणं हे माझं काम, पण तडकलेल्या काचेच्या बाबतीत एकच संधी मिळते. काच भंगलेली असते आणि दोन तुकडे केवळ वरच्या पापुद्र्याने धरून ठेवलेले असतात.

लेबलवर पेन्सिलीने एका रेडिओ कार्यक्रमाचं नाव लिहिलं होतं, ‘मॅक्सवेल हाऊस कॉफी टाइम’, आणि खाली ‘स्नुक्स’. तबकडी घेऊन आलेल्या गृहस्थांचे वडील रेडिओ केंद्रात तंत्रज्ञ होते. तेव्हाची मोठी नेटवर्क्स कार्यक्रम थेट प्रक्षेपित करत, रेकॉर्ड केलेलं सहसा वाजवत नसत. तबकडी कापली जायची (म्हणजे तिच्यावर आवाजाची खाच कोरली जायची) ती नोंदीसाठी किंवा जाहिरातदाराला ऐकवण्यासाठी. त्यामुळे अशी एखादी प्रत कुणाच्या तरी माळ्यावर टिकून राहते, तेव्हा मला तिचं फार अप्रूप वाटतं.

तबकडी धुणं शक्य नव्हतं. एरवी लॅकरवर जमलेला पांढरा चिकट थर आम्ही सौम्य द्रावणाने काढतो (अल्कोहोल चुकूनही लावायचं नाही, लॅकरच विरघळतं), पण इथे भेगेतून पाणी शिरलं असतं तर पापुद्रा सुटला असता. मऊ ब्रशने धूळ तेवढी काढली. सूक्ष्मदर्शकाखाली खाच पाहून सुई निवडली. मग ठरवलं की निम्म्या वेगाने वाजवायची. भेगेवरून सुई वेगात गेली की उडी मारते. सावकाश गेली की बहुधा पुन्हा खाचेत बसते. नंतर संगणकावर वेग दुप्पट करून मूळ आवाज मिळवता येतो.

एका बाजूला पंधरा मिनिटं, म्हणजे निम्म्या वेगाने अर्धा तास. दर फेरीला दोनदा टक्, टक्. मी हेडफोन लावून बसले होते, हात सुईच्या दांड्यापाशी.

बेबी स्नुक्स ही त्या विनोदी कार्यक्रमातली सहा-सात वर्षांची द्वाड पोर. सारखं ‘व्हाय, डॅडी?’ विचारून बापाचं डोकं उठवणारी. तिचा आवाज मला चांगलाच ओळखीचा होता: चिरका, नाकातून येणारा, हट्टी. पण त्या दिवशी तो एक सप्तक खाली उतरलेला ऐकला आणि मी अक्षरशः ताठ बसले. पोर गायब झाली होती. मला ऐकू येत होती ती मोठ्या बाईची मेहनत. प्रत्येक ‘व्हाय’च्या आधी घेतलेला छोटा, मोजका श्वास. शब्द सुरू करण्यापूर्वी जीभ टाळ्याला लावून क्षणभर थांबणं. बापाचं वाक्य संपायच्या किंचित आधी आत घुसणं, आणि दर वेळी नेमक्या तितक्याच अंतराने. एरवीच्या वेगात यातलं काहीच कानाला लागत नाही, फक्त हसू येतं.

ती बाई फॅनी ब्राइस. १९४३ मध्ये पन्नाशी ओलांडलेली.

न्यूयॉर्कमधल्या एका ज्यू कुटुंबात १८९१ साली तिचा जन्म झाला, मूळ आडनाव बोराक. किशोरवयातच ती ब्रुकलिनमधल्या हौशी कलाकारांच्या स्पर्धेत गायला उभी राहिली आणि जिंकली. नाचता येत नाही म्हणून नाट्यनिर्माता जॉर्ज एम. कोहनने तिला समूहनृत्यातून काढून टाकलं. १९१० मध्ये ती निर्माता फ्लोरेन्झ झीगफेल्डच्या ‘फॉलीज’ या नाच-गाण्याच्या शोमध्ये आली. पिसांचे मुकुट घालून जिना उतरणाऱ्या देखण्या मुलींसाठी तो शो प्रसिद्ध होता. फॅनी त्या साच्यातली नव्हती. यिडिश (पूर्व युरोपातल्या ज्यूंची भाषा) हेल काढून गाणं म्हणायची, अप्सरेसारखी प्रवेश करून मधेच पाय वाकडा टाकायची आणि सगळं थिएटर हसायचं.

१९२१ मध्ये झीगफेल्डने तिला ‘माय मॅन’ हे गाणं दिलं आणि ते साध्या, फाटक्या पोशाखात, एकही गंमत न करता म्हणायला लावलं. तिचा नवरा निकी आर्नस्टीन तेव्हा रोखे चोरीच्या खटल्यात अडकला होता आणि ते वर्तमानपत्रांतून सगळ्यांना माहीत होतं. लोक रडले. पुढे तो लेव्हनवर्थच्या तुरुंगात गेला. १९२७ मध्ये तिने घटस्फोट घेतला. मला त्या नवऱ्याबद्दल अधिक काही लिहावंसं वाटत नाही. तिच्याबद्दलच्या लिखाणात त्याने आधीच फार जागा खाल्ली आहे.

रेडिओवर आल्यावर फॅनीची निम्मी कला वाया गेली, असं म्हटलं जातं, कारण तिची गंमत चेहऱ्यात आणि अंगात होती. मला ते मुळीच पटत नाही. ऐकणाऱ्याला दिसणार नाही हे माहीत असूनही ती स्टुडिओत स्नुक्सचा फ्रॉक घालून माइकपुढे उभी राहायची. चष्मा लावला तर पोरीचं रूप मोडेल म्हणून संहिता मोठ्या टायपात छापून घ्यायची. रंगमंच ती सोबतच घेऊन आली होती. त्या अर्ध्या तासात मी जे ऐकलं, ते अंग हलवून, मान तिरकी करून काढलेलंच बोलणं होतं. माझी आई आकाशवाणीवरच्या ‘पुन्हा प्रपंच’मधल्या मीनावहिनींबद्दल, म्हणजे नीलम प्रभूंबद्दल, शेजारणीबद्दल बोलावं तसं अजून बोलते. आवाजातून घर उभं करणाऱ्या बायकांचं काम किती अंगमेहनतीचं असतं, ते मला त्या दिवशी कळलं.

तबकडी शेवटपर्यंत वाजली. दोनदा सुई घसरली, पण पुढच्याच खाचेत सावरली. वेग दुप्पट केला आणि ती पोर परत आली, बापाला छळत.

दुपारी ते गृहस्थ ऐकायला आले. आपल्या वडिलांनी कापलेली तबकडी ते पहिल्यांदाच ऐकत होते. ‘पुढे काय झालं हिचं?’ त्यांनी विचारलं. मी सांगितलं: १९४४ पासून स्नुक्सचा स्वतंत्र कार्यक्रम सुरू झाला आणि ती शेवटपर्यंत स्नुक्सच राहिली. २९ मे १९५१ ला मेंदूतल्या रक्तस्रावाने गेली, ५९ व्या वर्षी. तो मंगळवार होता, कार्यक्रमाचाच वार. त्या संध्याकाळी तिच्या आठवणीत संगीत वाजवलं गेलं आणि रेडिओवर इतकी वर्षं तिचा बाप झालेला हॅनली स्टॅफर्ड शेवटी चार शब्द बोलला.

मग टकटकीवरून माझं आणि माझ्या वरिष्ठ सहकाऱ्याचं वाजलं. टकटक एकेक करून हाताने काढावी लागते. बहुतेक जागी ती शब्दांच्या मधे होती, सहज निघाली. काही ठिकाणी मात्र नेमकी तिच्या श्वासावर पडली होती. ती पुसली की श्वासही जात होता आणि ‘व्हाय’ कुठूनतरी उगवल्यासारखा वाटत होता. त्याचं म्हणणं, घरी ऐकणाऱ्याला स्वच्छ आवाज हवा असतो. माझं म्हणणं, तो श्वास म्हणजेच तिचं काम आहे. निर्णय अखेर त्या गृहस्थांवर सोपवला. त्यांनी दोन्ही प्रती लागोपाठ ऐकल्या आणि टकटक असलेली घेतली.