योझेफ हाडर आणि न बोलणारी माणसे

ऑस्ट्रियाचे नट, पटकथाकार आणि दिग्दर्शक योझेफ हाडर यांचे चित्रपट सध्या मी ओळीने पाहत आहे, आणि आज एक गोष्ट लिहून ठेवावीशी वाटते: एकपात्री काबारेटमध्ये (रंगमंचावरच्या उपरोधिक विनोदी कार्यक्रमात) एकटाच बोलत राहून सभागृह ताब्यात ठेवणारा हा कलावंत चित्रपटासाठी लिहायला बसला, की मनातले बोलू न शकणारी माणसेच त्याला खुणावतात.

याची सुरुवात 'इंडिएन'पासून दिसते. हाडर आणि आल्फ्रेड डॉर्फर यांनी मिळून लिहिलेल्या नाटकावरून पाउल हाराथर यांनी १९९३ मध्ये तो चित्रपट केला. खेड्यापाड्यांतल्या खाणावळींची तपासणी करत फिरणारे दोन निरीक्षक त्यात आहेत. डॉर्फर यांचा फेलनर अखंड बोलतो, तर हाडर यांचा ब्योझल समोरचे श्नित्झेल (पावाच्या चुऱ्यात घोळवून तळलेला मांसाचा पातळ काप) खात गप्प बसतो. एकमेकांना सहन न होणाऱ्या या दोघांची मैत्री जुळते, आणि मग फेलनरला कर्करोग होतो. रुग्णालयातला ब्योझल पाहताना मला फार भरून आले.

वोल्फ हास यांच्या कादंबऱ्यांवरील चार चित्रपटांत हाडर यांनी ब्रेनर हा गुप्तहेर साकारला आणि त्यांच्या पटकथांतही हात घातला. ते चित्रपट रंजक आहेत. पण माझ्या मते नट म्हणून हाडर यांची खरी उंची २०१६ च्या 'फोर डेर मॉर्गनर्योटे'मध्ये दिसते, जिथे दिग्दर्शिका मारिया श्राडर यांनी त्यांना निर्वासित लेखक श्टेफान त्स्वाइग यांची भूमिका दिली. १९३६ साली ब्युनोस आयर्समधल्या लेखकांच्या परिषदेत पत्रकार त्स्वाइग यांच्याकडे नाझी जर्मनीचा निषेध मागतात आणि ते देत नाहीत, कारण ज्यात ना धोका आहे ना परिणाम, असा निषेध त्यांना स्वतःचीच मिरवणूक वाटतो. त्या नकारामागची घालमेल हाडर आवाज न चढवता, केवळ नजरेतून पोहोचवतात. विनोदी कलावंत म्हणून ओळखल्या जाणाऱ्या नटाकडून एवढा संयम काढून घेणे हे श्राडर यांचेही मोठे यश आहे.

दुसऱ्याच वर्षी 'विल्डे माउस'द्वारे हाडर स्वतः दिग्दर्शक झाले. नोकरी गेलेला संगीतसमीक्षक ही बातमी बायकोपासून लपवतो आणि व्हिएन्नाच्या प्राटर उद्यानात दिवस काढतो. पटकथा, दिग्दर्शन आणि मुख्य भूमिका अशा तिन्ही जबाबदाऱ्या एकाच माणसाकडे असल्यामुळे चित्रपट मधूनमधून नायकाभोवतीच घुटमळतो, असे मला वाटले.

२०२४ च्या 'आंद्रेआ लेस्ट झिख शायडन'मध्ये मात्र त्यांनी मध्यवर्ती जागा अभिनेत्री बिर्गिट मिनिखमायर यांना दिली, आणि हा निर्णय मला त्यांच्या सगळ्या कारकिर्दीतला सर्वांत प्रगल्भ वाटतो. गावातली पोलीस आंद्रेआ रात्रीच्या रस्त्यावर, विभक्त झालेल्या नवऱ्याला गाडीची धडक देऊन निघून जाते. मागून आलेला फ्रान्त्स हा धर्मशिक्षक आपणच त्याला मारले असे मानून बसतो. ही दुय्यम भूमिका हाडर यांनी स्वतःकडे घेतली आहे. आधीच्या चित्रपटांतली माणसे दुःखामुळे किंवा लाजेमुळे गप्प राहत होती, इथे गप्प राहणे हाच अपराध आहे. आणि फ्रान्त्स आपल्या पापाची कबुली देत राहतो तेव्हा खरे काय ते ठाऊक असलेली एकमेव व्यक्ती गणवेशात त्याच्यासमोर उभी असते.