सुळा पडायची वाट

मंगळवार, रात्रीचे साडेअकरा.

संध्याकाळी गॅलरीतल्या कुंडीशी बुलबुलाचं पिल्लू मरून पडलं होतं. लेकीने विचारलं, "आई, ते झोपलंय का गं?" माझ्या तोंडून पटकन "हो" निघून गेलं. ते "हो" काही केल्या मनातून जाईना. ती झोपल्यावर ग्रीक दिग्दर्शक योर्गोस लान्थिमोसचा ‘डॉगटूथ’ हा सिनेमा काढून बसले. आई झाल्यापासून तो मी टाळत आले होते.

सुरुवातीलाच टेपरेकॉर्डर. आईच्या आवाजात आजचे नवे शब्द: समुद्र म्हणजे लाकडी हातांची खुर्ची, हमरस्ता म्हणजे सोसाट्याचा वारा. न्हाणीघरात बसून तिघं भावंडं मन लावून ऐकतात. चांगली वाढलेली, पण कुंपणाबाहेर कधी पाऊलही न टाकलेली. सुळा पडला की घर सोडायचं वय झालं, असं त्यांना सांगून ठेवलंय. सिनेमाचं ग्रीक नावच ‘किनोडोंटास’, म्हणजे सुळा. जेवताना मुलगी ‘फोन’ मागते आणि तिला मीठ मिळतं. रेकॉर्डवर इंग्रजी गाणं लागतं, बाप म्हणतो हे तुमचे आजोबा गातायत, आणि ओळीमागून ओळ मनाला येईल तो अर्थ सांगत जातो.

पहिल्यांदा पाहिला तेव्हा त्यातल्या मारहाणीने आणि निर्विकार शरीरसंबंधांनी हादरले होते. आज ते मीठ अंगावर आलं. आईवडील चिडलेले नाहीत, ओरडत नाहीत. त्यांना मुलांचं भलंच करायचंय.

लान्थिमोस नुसते धक्के देतो, असं म्हणणाऱ्यांशी माझं कधीच पटलं नाही. अथेन्सचा हा माणूस जाहिराती आणि नृत्याच्या चित्रफिती करत घडला. 2004 च्या ऑलिम्पिक सोहळ्यांच्या सर्जनशील चमूतही होता. 2009 साली ‘डॉगटूथ’ला फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात ‘अं सर्तेँ रगार’ विभागाचं पारितोषिक मिळालं, पुढे ऑस्करचं नामांकनही. मग तो इंग्रजीत गेला, मोठे नट आले, पण ते बंद घर त्याने सोडलं नाही. ‘द लॉब्स्टर’मध्ये त्याचं हॉटेल झालं: 45 दिवसांत जोडीदार शोधा, नाहीतर प्राणी व्हा. ‘द फेव्हरिट’मध्ये राणीचा महाल झाला. ‘काइंड्स ऑफ काइंडनेस’ मात्र मला पचला नाही. त्यात क्रूरपणा दिसला, माया कुठे सापडली नाही.

‘पुअर थिंग्ज’मधली बेला मात्र जिवाभावाची वाटते. बाईच्या देहात तान्ह्या बाळाचा मेंदू. तीही कोंडलेलीच. पण ती हट्टाने लिस्बनला जाते, शब्द स्वतः वेचते, चुकीचे वापरते, पुन्हा वापरते. बेला साकारणाऱ्या एमा स्टोनला ऑस्कर मिळालं तेव्हा मला ‘डॉगटूथ’मधली थोरली आठवली होती.

ती थोरली आरशासमोर उभी राहून डंबेलने स्वतःचा सुळा पाडते. बेसिनभर रक्त, आणि चेहऱ्यावर हसू. मग बापाच्या गाडीच्या डिकीत जाऊन लपते. सकाळी गाडी कारखान्यासमोर थांबते. बाप उतरून आत जातो. कॅमेरा त्या बंद डिकीवर थांबतो, कितीतरी वेळ. डिकी उघडत नाही.

आत्ताच लेकीच्या खोलीत डोकावून आले. पिल्लू अजून कुंडीशेजारी कागदाखाली झाकलेलं आहे. उद्या तिला उठवून आधी तिथे नेणार आहे. मेलं, असंच सांगणार आहे.