त्याच्या शेजारी, त्याच्या शेजारी

आमच्या मंडळीत रविवारच्या उपासनेआधी बायबल सलग वाचतात, एकेकाने एकेक अध्याय. गेल्या महिन्यात नहेम्याचं पुस्तक सुरू झालं आणि तिसरा अध्याय माझ्या वाट्याला आला. आदल्या संध्याकाळी एका वडीलधाऱ्यांचा फोन आला. "ताई, तिसऱ्यात नुसती नावंच आहेत. चार ओळी वाचा आणि पुढे चला." मी त्यांना म्हटलं, वाचीन तर पूर्ण वाचीन.

एकोणीस वर्षं मी बांधकामाच्या साइटवर मोजमापं नोंदवते आहे. कोणत्या गवंड्याने कुठून कुठपर्यंत काम केलं, ते कुठे थांबलं, पुढचं कोणी उचललं, हे रोज लिहायचं. लहानपणी आजीबरोबर हा अध्याय वाचताना मलाही कंटाळा यायचा. नोकरीला लागल्यावर पुन्हा उघडला आणि थबकलेच. यरुशलेमचा पडलेला तट नहेम्याने पुन्हा उभा केला, त्याची ही तर कामाची नोंदवही! मेंढेवेशीपासून सुरुवात, मग शहराला पूर्ण फेरा मारून पुन्हा मेंढेवेशीपाशी शेवट. मधे कुठेही भिंत सुटत नाही. "त्याच्या शेजारी अमक्याने, त्याच्या शेजारी तमक्याने", आणि पुढे "त्याच्यानंतर". एकाचं काम जिथे संपतं तिथून दुसऱ्याचं लागतं, आणि भिंतीची परीक्षा नेमकी तिथल्या सांध्यात होते.

थोडं मागचं सांगते. इ.स.पू. 586 मध्ये नबुखद्नेस्सराच्या बाबेली सैन्याने यरुशलेम जाळलं, तट पाडले. नहेम्या तिथे गेला तो इ.स.पू. 445 मध्ये, पारसाचा, म्हणजे इराणचा, राजा अर्तहशश्त पहिला याच्या कारकिर्दीच्या 20व्या वर्षी. म्हणजे जवळजवळ 140 वर्षं शहर तटाविना होतं. नहेम्या शूशनच्या राजवाड्यात राजाचा प्यालेबरदार होता. भाऊ हनानी याच्याकडून त्याला पडलेल्या तटाची खबर मिळाली ती किसलेव महिन्यात, आणि राजापुढे तो बोलला नीसानमध्ये. मधे चार महिने गेले. त्या काळात तो रडला, उपास केला, प्रार्थना केली हे सगळे सांगतात. माझं लक्ष दुसरीकडे जातं. राजाने "तुला काय पाहिजे?" असं विचारताच त्याच्याकडे यादी तयार होती. किती मुदत लागेल ते त्याने सांगितलं, नदीपलीकडच्या सुभेदारांना पत्रं मागितली, आणि वेशींच्या तुळयांसाठी राजाच्या रानाचा रखवालदार आसाफ याच्या नावचं पत्रही मागितलं. लाकूड कोणाच्या ताब्यात आहे हे त्याला नावासकट ठाऊक होतं. चार महिने त्याने अंदाजपत्रकच केलं असणार, असं मला मनापासून वाटतं.

यरुशलेमला पोहोचल्यावर तीन दिवस तो गप्प राहिला. मग रात्री थोडी माणसं आणि एकच जनावर घेऊन खोरेवेशीतून बाहेर पडला. उकिरडावेस, झरावेस, राजाचं तळं. तिथे जनावराला पुढे जायला वाटच उरली नव्हती. 1960च्या दशकात पुरातत्त्वज्ञ कॅथलीन केन्यन यांनी जुन्या यरुशलेमच्या टेकडीच्या पूर्व उतारावर उत्खनन केलं, तेव्हा कोसळलेल्या दगडांचा प्रचंड खच त्यांना सापडला. वरच्या मजगीचे आधार तुटून सगळं खाली घसरलेलं. केन्यन यांनी त्याची सांगड याच ओळीशी घातली. नहेम्याने उतारावरची जुनी रेषा सोडून माथ्यावरून तट नेला, असं त्यांचं मत होतं. तिथे उभं राहून मीही तेच केलं असतं. पाया धरणार नाही अशा उताराच्या नादी लागायचं नाही.

दगडांचं मात्र सविस्तर सांगायला हवं. नहेम्याचा विरोधक सनबल्लट काम बघून हिणवतो: जळलेले दगड हे लोक मातीच्या ढिगाऱ्यातून जिवंत करणार की काय? बरेच जण याला नुसता टोमणा समजतात. पण यरुशलेमचा दगड चुनखडीचा. शिकत असताना मी एकदा चुन्याच्या भट्टीतून काढलेला गोळा हातात घेतला होता. दिसायला अख्खा, कडा शाबूत, पण उचलताच नको इतका हलका. अंगठ्याने दाबला तर पीठ झालं. पाण्याचे चार थेंब टाकल्याबरोबर तो फुसफुसला, तापला आणि फुटला. भट्टीत साधारण 900 अंशांना असं होतं. जळत्या शहरात सगळेच दगड तितके भाजत नाहीत, पण पापुद्रे सुटतात, आत भेगा जातात आणि वरून काही कळत नाही. म्हणजे राडारोड्यातला प्रत्येक दगड ठोकून, आवाज ऐकून निवडायचा. खणखणीत वाजला तर घ्यायचा, बद वाजला तर बाजूला. चौथ्या अध्यायात यहूदाचे लोक म्हणतात, ओझेकऱ्यांचं बळ संपलं आणि राडारोडा फार आहे. साइटवरचं याहून खरं वाक्य मी वाचलेलं नाही. बांधणारा थकण्याआधी उपसणारा थकतो.

तरीही काम 52 दिवसांत झालं, एलूल महिन्याच्या 25 तारखेला. इतिहासकार जोसेफसने 2 वर्षं 4 महिने लिहिले आहेत, आणि 52 दिवस अशक्य म्हणणारे आजही आहेत. मला ते शक्य वाटतं. एक तर दगड जागेवरच होता. दुसरं, बहुतेक ठिकाणी मूळ हिब्रूतलं क्रियापद "बांधलं" असं नाही, "मजबूत केलं" असं आहे. आणि चाळीसच्या आसपास टोळ्या एकाच वेळी चाळीस ठिकाणी भिडल्या होत्या. एक टोळी वेशीपासून वेशीपर्यंत सरकत गेली असती तर वर्ष पुरलं नसतं. हानून आणि जानोहाच्या रहिवाशांच्या नावावर तर एकदम 1000 हात तट आहे, म्हणजे सुमारे साडेचारशे मीटर. तिथली भिंत बरीचशी उभी असणार, नाहीतर एवढा पल्ला कोणी एकाला देत नाही.

पुरातत्त्वाचा निकाल अजून लागलेला नाही. 2007 मध्ये पुरातत्त्वज्ञ एलात मझार यांनी एका बुरुजाखालच्या पारसी काळातल्या खापरांवरून नहेम्याचा तट सापडल्याचं सांगितलं. दुसरे पुरातत्त्वज्ञ इस्रायल फिंकेलस्टाइन यांना ते पटलेलं नाही. त्यांच्या मते त्या काळचं यरुशलेम अगदी लहान होतं आणि ही वेशींची यादी पुढच्या काळातली आहे. आज पर्यटक ज्या तटाचे फोटो काढतात तो मात्र उस्मानी सुलतान सुलेमानचा, 16व्या शतकातला. नहेम्याची टेकडी त्याच्या बाहेर दक्षिणेला राहते. सनबल्लटचा पुरावा तर थेट इजिप्तमधून आला. एलिफंटाइन बेटावरच्या यहूद्यांनी इ.स.पू. 407 मध्ये यहूदाच्या सुभेदाराला लिहिलेल्या पत्रात "शोमरोनचा सुभेदार सनबल्लट याचे मुलगे" असा उल्लेख आहे, दोघांच्या नावांसकट.

एलूल म्हणजे साधारण सप्टेंबर. 52 दिवस मागे गेलं की सुरुवात ऑगस्टमध्ये येते, ऐन द्राक्षांच्या तोडणीत. मग पाचव्या अध्यायातला आक्रोश समजतो. धान्यासाठी शेतं-मळे गहाण, राजाच्या करासाठी कर्ज, पोटची मुलं गुलामीत. पुरुष तटावर आणि मळे घरच्यांच्या भरवशावर. नहेम्याने सरदारांना बोलावून शेतं आणि व्याज परत करायला लावलं, आणि आपण व आपल्या भावांनीही उसने दिले आहेत हे तो तिथेच कबूल करतो. म्हणून माझा त्याच्यावर विश्वास बसतो.

रविवारी मी बत्तीसच्या बत्तीस ओवी वाचल्या. मुख्य याजक एल्याशीब आणि त्याचे भाऊ. सोनार. सुगंधी द्रव्यं करणारे. मलकीया, एका प्रांताचा अधिकारी, ज्याने उकिरडावेस उभी केली. शल्लूम, अर्ध्या यरुशलेमचा अधिकारी, "तो आणि त्याच्या मुली". इथे मी मुद्दाम थांबले. त्या मुलींची नावं लिहिणाऱ्याने दिलेली नाहीत, आणि मला ते दर वेळी बोचतं. बाकी कित्येक जण आपापल्या घरासमोरचा तुकडा बांधतात. मशुल्लाम तर आपल्या खोलीसमोरचा.

तकोवाकरांचं नाव दोनदा येतं. पहिल्यांदा एका ठपक्यासह: त्यांच्यातल्या सरदारांनी या कामाला मान लावली नाही. पुढे 27व्या ओवीत त्याच गावचे लोक मोठ्या बुरुजासमोरचा आणखी एक भाग दुरुस्त करतात.

वाचून खाली बसले. मागच्या बाकावरच्या एक आजी, त्यांना आता वाचता येत नाही, हळूच माझा हात धरून म्हणाल्या, "तकोवाकरांना तो दुसरा तुकडा कोणी दिला गं?"

"लिहिलेलं नाही, आजी," मी म्हटलं. "पण ज्याचं लवकर आटपतं ना, तो स्वतःच येऊन विचारतो, आता कुठे लागू?"