दोन वर्षांनी सिंहगड

दोन पावसाळ्यांपूर्वी याच वाटेने उतरताना शेवाळलेल्या दगडावरून पाय सटकला, घोटा मोडला, दीड महिना प्लास्टर, आणि नंतर डोंगर नुसता दिसला तरी पोटात गोळा यायचा. आज ताई म्हणाली चल, मी आहे ना. साडेपाचला आतकरवाडीतून निघालो, सुरुवातीला प्रत्येक दगड काठीने चाचपून मगच पाय ठेवत होते, आणि ती जागा आली तेव्हा तर हातपाय गारच पडले माझे, ताईने काही न बोलता हात पुढे केला. मग गप्पांत पुणे दरवाजा कधी आला कळलंच नाही. वर देवटाक्याचं गार पाणी, मडक्यातलं दही, भन्नाट वारा... रडूच आलं खरंतर. घोटा ठणकतोय थोडा, बर्फ लावून बसलेय. पुढच्या रविवारी परत जाणार!