आईचं नाव यादीत होतं तेव्हा

“आई वारली असती ना ताई, तर तुमचं काम लगेच झालं असतं.”

2018 सालची गोष्ट. पप्पांच्या मागे मिळणाऱ्या अनुकंपा नोकरीच्या यादीत आईऐवजी माझं नाव लावून घ्यायला गेले होते; सरकारी कर्मचारी नोकरीत असताना वारला, तर घरातल्या एकाला दिली जाते ती ही नोकरी. आस्थापना शाखेतल्या लिपिकानं हे इतक्या सहज सांगितलं, की मला आधी रागच आला नाही. मग त्यांनीच जीभ चावली आणि माझ्यासाठी चहा सांगितला. आई बाहेर बाकड्यावर बसली होती, डब्यांची पिशवी मांडीवर घेऊन.

माणूस बोलला ते नियमाला धरूनच होतं. 20 मे 2015 चा शासन निर्णय तसाच होता. अनुकंपाच्या प्रतीक्षासूचीत घरातल्या एकाचं नाव लागलं, की ते काढून दुसऱ्याचं लावता येत नव्हतं. यादीतला माणूसच गेला, तर मात्र त्याच्या जागी घरातला दुसरा पात्र वारस.

पप्पा 2012 मध्ये पोळ्याच्या आठवड्यात गेले, नोकरीत असतानाच. आम्ही तेव्हा परभणीत. मी चौदा वर्षांची, भाऊ दहाचा. तेरावं झालं आणि अर्ज कुणाच्या नावानं करायचा यावर बैठक बसली, कारण तेव्हा वर्षाच्या आत अर्ज द्यावा लागायचा. काकांना वाटत होतं, सख्खा भाऊ म्हणून आपणही नियमात बसू. पण भावाचा नंबर लागतो तो मेलेला कर्मचारी अविवाहित असेल आणि भाऊ त्याच्यावरच अवलंबून असेल तर. बायको, मुलगा, मुलगी, विधवा सून, घटस्फोटित किंवा परित्यक्ता मुलगी, बहीण हे बसतात. काका त्यानंतर बैठकीला आले नाहीत.

मी अठरा पूर्ण झाल्यावर वर्षभरात माझ्या नावानं अर्ज करता आला असता, हे कुणी सांगितलंच नाही. सांगितलं असतं तरी चार वर्षं खायचं काय? आईचं नाव दिलं. ती सातवी शिकलेली, म्हणजे गट ड. वय 39. यादीत नाव लागलं तेव्हा आम्ही पेढे वाटले. पेढे! यादी म्हणजे ऑर्डर नव्हे हे कळेपर्यंत आईला 45 पूर्ण झाली आणि वयामुळे नाव निघालं.

‘बापाची नोकरी पोराला’ असं लोक शेताचा सातबारा असल्यासारखं बोलतात. सर्वोच्च न्यायालयानं 1994 मध्येच हरियाणातल्या एका प्रकरणात सांगितलंय, हा वारसाहक्क नाही. कर्ता माणूस गेल्यावर अचानक कोसळलेलं घर सावरावं, एवढ्यासाठीच ही सवलत. खरं सांगते, मला ते पटतं. पण सावरायला रांगेत सहा वर्षं? त्या सहा वर्षांत आईनं डबे करून आम्हाला शिकवलं, आणि आता तेच आमच्या विरोधात जातं: तुमचं तर भागलं की!

मे 2024 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं यादीतलं नाव बदलून घेता येतं, असा कौल दिला. भावानं बातमी पाठवली, वर लिहिलं, “जा परत.” गेले. तो लिपिक बदलून गेला होता, बाकडं तेच होतं.

भावाचं ना-हरकत झालं. आईचं संमतीपत्र राहिलं होतं, ते रात्री जेवणानंतर तिच्यापुढे ठेवलं.

“म्हणजे माझं नाव खोडणार?”

“ते 2018 लाच खोडलंय, आई.”

“तरी पण,” ती म्हणाली, आणि पदराला हात पुसून पेन मागितला.