लॉन मोअरच्या स्पिंडलमधली खराब बेअरिंग काढली, माझा अनुभव

आमचा रायडिंग मोअर आहे, म्हणजे बसून चालवायचं गवत कापायचं मशीन, ४२ इंची डेक (खालचं पत्र्याचं आवरण, ज्यात पाती फिरतात), दोन पाती. अमेरिकेत नॉर्थ कॅरोलायनात रॅली शहराच्या बाहेर राहतो, एप्रिल-मेमध्ये इथलं फेस्क्यू गवत इतकं वाढतं की एक वीकेंड हुकला तरी अंगण बघवत नाही. यंदा नेमकं तेव्हाच पाती चालू केली की डेकमधून कर्कश आवाज यायला लागला आणि कापलेल्या गवतात एका बाजूला उंच-सखल पट्टे दिसायला लागले. मित्रांनी पाती फिरवणारा पट्टा (बेल्ट) बदल म्हणून सांगितलं, पण पैसे घालायच्या आधी स्पार्क प्लगची वायर काढा, जाड हातमोजे घाला, पट्टा पुलीवरून उतरवा आणि दोन्ही पाती हाताने फिरवून बघा. उजवीकडचं पातं बिनआवाज फिरत होतं, डावीकडच्यात खरखर, आणि टोक धरून वरखाली केलं की चक्क हलत होतं. बेअरिंग गेलेलं, दुसरं काही नाही.

दुकानात विचारलं तर अख्खं स्पिंडल, म्हणजे पातं फिरवणारा शाफ्ट आणि त्याची बेअरिंग ज्यात बसतात ते हाऊसिंग, बदला म्हणाले. माझं मत वेगळं आहे, शाफ्ट सरळ असेल आणि हाऊसिंगला चीर नसेल तर नुसती बेअरिंग बदलावीत. माझ्यातल्यांचा नंबर ६२०३-२आरएस निघाला, म्हणजे आतलं भोक १७ मिमी, बाहेरचा व्यास ४० मिमी, जाडी १२ मिमी आणि दोन्ही बाजूंना रबरी सील. हा नंबर जगात कुठेही तोच, आपल्याकडे मोटर रिवाइंडिंगवाल्यालाही सांगितलात तरी याच मापाचं देईल. तुमच्या मशीनचा नंबर वेगळा असू शकतो, जुन्यावर वाचूनच घ्या.

डेक खाली काढणं सोपं, पिना आणि क्लिपा काढून बाजूने सरकवायचा. पात्याचा बोल्ट सोडवताना पातं आणि डेकच्या मध्ये लाकडाचा ठोकळा अडकवा आणि लांब दांड्याचा पाना लावा. हाऊसिंग डेकला चार बोल्टनी बसवलेलं असतं, ते ॲल्युमिनियममध्ये घुसलेले आणि गंजलेले, तिथे घाई अजिबात करू नका, आदल्या रात्री गंज सोडवणारं तेल मारून ठेवा नाहीतर बोल्ट आतच तुटतो आणि मग खरंच अख्खं हाऊसिंग घ्यावं लागतं. पुलीचा नट सैल करून शाफ्टच्या टोकाला समपातळीत आणला, वर लाकूड ठेवून हातोडी मारली, शाफ्ट खाली उतरला. पात्याच्या वरच्या बाजूला शाफ्टभोवती जुनं गवत दोरीसारखं गुंडाळलेलं होतं, त्याच्यामागे सील फाटलेलं आणि ग्रीसच्या जागी तपकिरी चिखल.

आता मुख्य भाग. दोन बेअरिंगच्या मध्ये एक नळी असते, स्पेसर. ती मोकळी असेल तर स्क्रू ड्रायव्हरने जरा बाजूला सरकवायची, मग पलीकडच्या बेअरिंगच्या आतल्या रेसची (स्टीलच्या आतल्या रिंगची) कड नखाएवढी उघडी पडते, तिथे पंच (ठोकायची लोखंडी कांडी) टेकवून ठोकायचं, एकदा इकडे, एकदा समोरच्या बाजूला, म्हणजे ते तिरकं न होता बाहेर येतं. वरचं असंच निघालं. खालचं मात्र आतून फुटलेलं, छर्रे आणि आतली रेस गळून पडली, बाहेरची रिंग तेवढी हाऊसिंगमध्ये गच्च आणि पंच टेकवायला कडच नाही. शेजारी एक रिटायर्ड मेकॅनिक राहतात, त्यांनी रिंगच्या आतल्या बाजूने वेल्डिंगची एक रेघ गोल फिरवून दिली. वेल्ड थंड होताना आकसतं आणि रिंगला आत ओढतं, हाऊसिंग उलटं करून आपटलं तर रिंग टणकन फरशीवर. इतकं समाधान वाटलं म्हणून सांगू!

नवीन बेअरिंग रात्रभर पिशवीत घालून फ्रीझरमध्ये ठेवली आणि हाऊसिंग हीट गनने गरम केलं. उष्णतेने ॲल्युमिनियम स्टीलच्या जवळपास दुप्पट पसरतं त्यामुळे बेअरिंग थोड्याच ठोक्यात बसतं. ठोकताना जोर फक्त बाहेरच्या रेसवर, त्या मापाचा सॉकेट ठेवून, कारण आतल्या रेसवर मारलं तर तो मार छर्ऱ्यांवर जातो आणि नवीन बेअरिंग तिथेच खराब होतं. आणि दुसरं बेअरिंग बसवायच्या आधी स्पेसर आत टाका, कृपा करून हे विसरू नका. तो नसेल तर नट आवळल्यावर दोन्ही आतल्या रेस एकमेकींकडे ओढल्या जातात आणि बेअरिंग तापून लवकरच जातं.

हाऊसिंगला ग्रीसचं निपल (बाहेरून ग्रीस भरायचं तोंड) आहे, पण आतलं सील शाबूत असेल तर बाहेरून भरलेलं ग्रीस छर्ऱ्यांपर्यंत पोचतच नाही. काहीजण आतल्या बाजूचं सील काढून बसवतात म्हणजे पोचतं, मी दोन्ही सील ठेवली कारण आमच्याकडे धूळ फार. डेकवर पाइपने पाणी मारणंही बंद केलंय, ते सीलमधून आत जातं. आता प्लॅस्टिकच्या पट्टीने खरवडतो, ब्लोअर मारतो, आणि पाती काढली की शाफ्टभोवतीचं गवत कापून टाकतो. उजवीकडचं स्पिंडल अजून चांगलंय पण तितकंच जुनं, त्याची बेअरिंग आणून ठेवलीत, थंडीत करून टाकेन.