दोंग थाप मुओईची झोपडी, 1:35: पाणी एकदाचं जमलं

जमलं! व्हिएतनाम युद्धावरच्या 'कान्ह दोंग होआंग' (1979) या व्हिएतनामी सिनेमातली, मेकाँग खोऱ्यातल्या दोंग थाप मुओई या पाणथळ भागातली ती झोपडी माझ्या डायोरामात (1:35, म्हणजे खऱ्याच्या पस्तिसाव्या भागाएवढ्या देखाव्यात) आता खरोखर पुराच्या पाण्यात उभी वाटते.

हेलिकॉप्टर बेसवर ठेवायचं नाही, हे मागेच ठरलं होतं. सिनेमातल्या ह्यूई या अमेरिकन हेलिकॉप्टरचा रोटर (वरचा फिरता पंखा) 14.63 मीटरचा, म्हणजे आपल्या स्केलला जवळजवळ 42 सेंटिमीटर. माझा बेस 30 बाय 30. तेव्हा ते वर घिरट्या घालतंय हे पाण्यानेच सांगायला हवं, आणि नेमकं तिथंच घोडं पेंड खात होतं. कितीही सुबक गोल लाटा काढल्या तरी कुणीतरी तळ्यात दगड टाकल्यासारखं दिसायचं.

स्थिर उभ्या हेलिकॉप्टरचे व्हिडिओ थांबवून थांबवून पाहिले, तेव्हा गोम कळली. रोटरची हवा पाण्यावर आपटते आणि पृष्ठभागालगत बाहेर पळते. बरोबर मध्याखाली पाणी त्यामानाने शांत असतं. जोर असतो कडेच्या आसपास, तिथेच तुषार उडतात. म्हणजे रोटरचा मध्य झोपडीवर धरला तर झोपडी शांत पाण्यातच राहणार! म्हणून मध्य डाव्या मागच्या कोपऱ्याच्या बाहेर नेला. पाण्यासाठी ओतायच्या रेझिनचा (घट्ट होणाऱ्या पारदर्शक द्रवाचा) शेवटचा थर रद्द. त्याऐवजी ग्लॉस हेवी जेल (चित्रकारांचं चकचकीत, दाट जेल) किंचित पातळ करून पसरलं आणि रिकाम्या एअरब्रशने (रंगाचा बारीक फवारा मारायच्या साधनाने) त्याच कोपऱ्यातून हवा मारली. बारीक सुरकुत्या आपोआप एका दिशेला धावल्या. लव्हाळंही तिकडेच झुकवलं, छपराची एक कड उचलली.

जेलचा दुसरा फायदा म्हणजे ते देठांवर चढत नाही. रेझिन चढायचं आणि प्रत्येक काडीभोवती काळपट बांगडी उरायची. शिवाय एका ऑनलाइन दुकानाने पाठवलेला हार्डनर (रेझिन घट्ट करणारा द्रव) पिवळट निघाला, तक्रारीला उत्तर नाही. पावसाळी हवेत रेझिनवर येणारा चिकट थर मात्र कोमट साबणाच्या पाण्याने गेला.

छपराला केरसुणीची पाती आणि खांबांना खराट्याचे हीर, यापुढे कुठलंही महागडं किट नको. पात्यांच्या शिरा या स्केलला थेट निपा पामच्या झावळ्या वाटतात.

सगळ्यात आवडलेला तुकडा बाळाच्या पिशवीचा. हेलिकॉप्टर आलं की आईबाप बाळाला प्लास्टिकच्या पिशवीत घालून पाण्याखाली धरतात, तो प्रसंग. क्लिंग फिल्मचा तुकडा, तोंडाशी रेशमाचा एक धागा, आत हवेसाठी जेलचा थेंब. भिंगातून पाहिलं तर पिशवीला घड्या दिसतात.

हे लिहिताना फोटो कृष्णधवल करून पाहिला आणि बेतच बदलला. सिनेमा कृष्णधवल आहे. तिथे पाण्यात आभाळ उतरतं, पाणी फिकं होतं आणि त्यावर झोपडी, होडी, माणसं गडद उठून दिसतात. लपायची जागा प्रेक्षकाला स्पष्ट दिसते, आणि वैमानिकालाही दिसेल या धास्तीने आपण खुर्चीच्या कडेला येतो. कला दिग्दर्शनाचं खरं काम मला इथे दिसतं. माझ्या फोटोत मात्र झोपडी आणि तपकिरी पाणी एकजीव झालेत.

म्हणून आता सगळा डायोरामा राखाडी छटांत. तळाचा तपकिरी रंग रेझिनखाली बंद आहे, पण जेलवर एअरब्रशने फिकट राखाडीचे विरळ थर देता येतील. शेवरीची पिवळी फुलंही (मेकाँगच्या पुरात ती तिथे फुलतात) राखाडी होणार, त्याचं वाईट वाटतंय. ग्लॉस जेलवर राखाडी ग्लेझ (रंगाचा पातळ, पारदर्शक थर) देऊन चमक कुणी टिकवली असेल, तर रंग आणि थिनरचं प्रमाण कळवा. रविवारी आधी टाकाऊ तुकड्यावर मारून बघणार आहे.